कावळ्यांनी उकरलेलं लॉन

बारामती,
९ नोव्हेंबर २०२५

चि. रणजित यास,

अनेक आशीर्वाद. धाकट्याला आशीर्वाद लिहायची रीत आहे म्हणून लिहिले, मनातून निघालेत असं समजू नकोस. आईचे गुडघे बरे आहेत असं तुझ्या बायकोकडून, रेश्माकडून कळलं. ती निदान फोन उचलते. तू माझा नंबर ब्लॉक करून ठेवलायस, म्हणून हा कागद. दूधगाडीवाला ज्ञानेश तुझ्या वस्तीवर कॅन उचलायला येतोच, त्याच्या हाती देतेय. फाडायचा असेल तर वाचून फाड.

आता कामाचं. जूनमध्ये तू माझ्या लॉन्सच्या गेटवर शेणाची ट्रॉली उलटी केलीस. आत एका पार्टीचा साखरपुडा चालू होता. नवऱ्याकडच्या बायका पैठण्या वर धरून, नाकाला पदर लावून त्या ढिगाला वळसा घालून आत आल्या. तुझा ड्रायव्हर वर सांगून गेला, "मालक म्हणले, बाईंना माती सुधरायची हाय, घ्या म्हणावं शेण." माझं लॉन पिवळं पडतंय, शेणखत कुठं मिळेल, असं मी चार लोकांना विचारत होते. ते तुझ्या कानावर गेलं आणि तू माझी ही शोभा केलीस.

पण मीही तुझीच बहीण. म्हटलं, तू लाजवायला टाकलंस ना, मी ह्याचंच सोनं करून दाखवते. दुसऱ्याच दिवशी बायका लावल्या आणि सगळं शेण लॉनवर पसरून टाकलं. वरून पाऊस झाला. पंधरा दिवस असं हिरवंगार दिसलं की मी येणाऱ्या-जाणाऱ्याला बोलावून दाखवत होते.

दसरा झाला आणि चट्टे पडायला लागले. आधी वाटलं पाणी कमी पडलं. मग एक दिवस वाकून मूठभर गवत ओढलं, तर हाताबरोबर सगळी हिरवळ गोधडीसारखी गुंडाळून वर आली. खाली मूळ म्हणून नाही. नुसती हुमणी. पांढऱ्या, लठ्ठ, करंगळीएवढ्या अळ्या अंगाचं वेटोळं करून बसलेल्या. किळस आली मला. तुझ्या कच्च्या शेणातून आल्या त्या. आता रोज सकाळी कावळे उतरतात आणि चोचीनं उरलंसुरलं उकरून ठेवतात. लॉन आहे का नांगरलेलं रान, तेच कळत नाही.

मुळात हे टोक मला कोणी दिलं? तूच. वाटणीची वेळ आली तेव्हा विहिरीकडचं काळंभोर रान तुला, आणि रस्त्याकडचं खारवट टोक अक्काला. आबा त्याला मिठाची वाटी म्हणायचे. त्याआधी कालव्याचं पाणी धो धो सोडून तू तिथं उसावर ऊस घेतलास, पाचट जाळलंस, युरियाची पोती ओतलीस. उन्हाळ्यात वर पांढरं फुटायचं, बोट लावून चाटलं तर खारट. तुला वाटलं अक्का वैतागेल आणि टोक परत देईल. पुढं रस्ता रुंद होईल आणि तिथं लग्नं लागतील हे तुला कुठं ठाऊक होतं!

पुण्याचा कंत्राटदारही तसलाच निघाला. दोन बोटं लाल माती टाकून वर गवताच्या चटया अंथरल्या आणि पिवळं पडलं की युरिया मारा म्हणून सांगून गेला. वरून शालू, खालून दगड. मांडवाचे खांब, केटररच्या गाड्या, हजार हजार माणसांचे पाय. खुरपं घातलं तर ठण्णकन वाजतं. ओंजळभर माती घेऊन बघ, एक गांडूळ सापडणार नाही. आबा म्हणायचे, पिकाला घालू नये, मातीला घालावं. माती जेवली की पीक आपोआप जेवतं. ही माती किती वर्षं उपाशी आहे कोण जाणे.

म्हणून स्पष्ट लिहिते. गोठ्यामागं चिंचेखाली आबांचा खताचा खड्डा आहे. आबा गेल्यापासून तू त्याला हात लावलेला नाहीस, कारण तुझं सगळं पोत्यावर चालतं. त्यातलं खत आता कुजून चहाच्या भुकटीसारखं झालं असणार. वाटणीत तू विहीर धरलीस, नारळ धरले, गाडीचं जू धरलंस, अगदी आईचं उखळ धरलंस. खड्डा धरला नाहीस. तेव्हा त्यातला निम्मा माझा. बावीस फेब्रुवारीला लॉनवर एक लग्न आहे. त्या दिवशी मला लॉन हिरवं पाहिजे म्हणजे पाहिजे. इतर लग्नांना मी चट्ट्यांवर गालिचे टाकीन, ह्या लग्नाला नाही टाकणार.

ट्रॉली कधी पाठवतोस ते कळव. ह्या वेळी गेटवर नको, आत.

सौ. शालन महिपतराव घाडगे
दत्तोबा लॉन्स, बारामती–इंदापूर रस्ता

•

वस्ती, लासुर्णे
१४ नोव्हेंबर

सौ. शालनबाई घाडगे, लॉनवाल्या, यांस,

रणजितचा रामराम. आशीर्वाद पोचले. जसलं आलं तसलं परत धाडतो.

शेण कच्चं हुतं. व्हय, हुतं. सकाळी गोठ्यातनं भरल्यालं, वाफा निघत हुत्या. मी ते लॉनवर घालायला धाडलंच न्हवतं. वास सुटावा म्हून धाडलं हुतं. तू ते पसरशील हे माझ्या सपनात बी आलं न्हाय. आबाची पोरगी तू, खड्ड्याच्या काठावर वाढलीस, तुला कच्चं शेण आन कुजल्यालं शेण कळू नये? शेणाला वरीसभर निजू द्यावं, हे कुणी सांगितलं हुतं आपल्याला? नाक कुठं गेलं हुतं तुझं? का लॉनवाली झाल्यापास्नं अत्तराशिवाय काय कळंना? माझ्यावर खापर फोडू नकोस. टाकणारा मी, पसरणारी तू.

खड्डा मिळायचा न्हाय. आबाच्या हाताचा हाय तो. तू आबाचं नाव पाटीवर लावलंस, त्याच्याखाली रोज लोकांची बुंदी सांडती, पत्रावळ्या उडत्यात, डीजेवाला बोंबलतो. तेवढं बास झालं.

तुझ्या लॉनचं काय चुकलंय ते आंधळ्यालाबी दिसंल. भर दुपारी पाईप सोडून ठेवतीस. पाणी मुरत न्हाय, नुसतं साचतं, आन पाण्याबरुबर खालचं मीठ वर येतं. दोन्ही अंगाला चर काढ, निचरा हुऊ दे. गवत कापलं की पोती भरून रस्त्याकडंला फेकतीस. आगं, मातीच्या पोटातलं हाय ते, तितंच पडू दे, तिचं तिला मिळू दे. युरिया बंद कर. हे बघायला मी काय मुद्दाम थांबत न्हाय. तिथं गतिरोधक हाय, ट्रॅक्टर हळू करावा लागतो.

आता मी एक इचारतो. बावीस तारखेला लगीन हाय म्हणतीस. कुणाचं ते लिवलं न्हाईस. पेनातली शाई सपली का काय? मी सांगतो कुणाचं. सोनमचं. आन हे मला तू न्हाय सांगितलंस, ज्ञानेशनं सांगितलं, दुधाचं माप घेता घेता. म्हणतो, "मालक, भाचीचं लगीन, फेटा कंचा घेताय?" मी कॅनचं झाकण लावत बसलो. माझ्या मांडीवर मुतल्याली पोरगी ती. तिचं जावळ माझ्या मांडीवर काढलं. आन मामाला दूधगाडीवाल्याकडनं कळतंय.

वाटणीपायी तू मला तहसीलात उभं केलंस. आईला त्या पायऱ्या चढायला लावल्यास, एका बाजूला ल्योक, एका बाजूला ल्येक. साहेबानं इचारलं, "आजी, तुमचं म्हणणं काय?" तर ती म्हणली, "मला घरला न्या." इसरलीस? मी न्हाय इसरलो. आजबी तिनं तुझं नाव काढलं की मी ताटावरनं उठतो.

शेण पायजे असंल तर माळावरनं इकत आण. चाळून घे.

रणजित दत्तोबा

•

बारामती,
२१ नोव्हेंबर

रणजित,

ह्या वेळी आशीर्वाद नाहीत. होते तेवढे संपले.

हो, लग्न सोनमचं आहे. मुलगा अंथुर्ण्याचा आहे, चांगला आहे. तुला कळवलं नाही, कारण कळवलं असतं तर तू नाही म्हणाला असतास. तुझ्या तोंडून 'नाही' ऐकण्यापेक्षा न सांगितलेलं बरं, असं मला वाटलं. मला भीती वाटली, झालं समाधान? आता लिहिलंय, तर वाचून हस.

आईच्या पायऱ्यांचं तू मला सांगतोस. मग मीही तुला एक सांगते. रोज सकाळी माझ्या लॉनवर ते कावळे उतरतात ना, त्यांच्याकडं बघितलं की मला दुसरं काही सुचत नाही. आबांचा दहावा आठवतो. नीरेच्या काठी पिंड ठेवला होता. ऊन चढत चाललं आणि कावळा काही शिवेना. झाडावर आठ-दहा बसलेले, पण एक खाली येईना. भटजी म्हणाले, "मयताचा जीव कशात तरी अडकलाय, बोला." चुलते म्हणाले, "दत्तोबा, गाय विकणार न्हाय." नाही शिवला. आईनं हात जोडून म्हटलं, "वस्ती सोडनार न्हाय." नाही शिवला. मग तू पुढं झालास. उघडा, ओला, डोकं भादरलेलं. तू म्हणालास, "आबा, अक्काचं म्हायेर तुटू देनार न्हाय." आणि कावळा आला. सगळ्यांच्या देखत आला, पिंडाला चोच लावली आणि भात घेऊन उडाला. मी तिथंच वाळूत बसून रडले. आबा गेल्याचं दुःख होतंच, पण त्या क्षणी मला वाटलं, माझं सगळं शाबूत आहे.

आणि तेराव्याला तू काय केलंस? पंगत उठली नव्हती. हक्कसोडीचा कागद माझ्यापुढं ठेवलास, पेनाचं टोपण काढून. मी म्हटलं, "जमीन नको मला. पण माहेर राहील ना?" तू म्हणालास, "सही कर, मग बघू."

बघू! दहाव्याला जे मोठ्यानं बोललास ते तेराव्याला बघू! त्या 'बघू'नं मला तहसीलला नेलं, रणजित. ढेकळासाठी मी गेले नाही. माहेर जाणारच असेल तर निदान पाय ठेवायला तिथली वीतभर माती तरी राहू दे, म्हणून गेले. ते खारवट टोक मी धरून ठेवलं ते ह्यासाठी. सगळे म्हणतात शालन हुशार, रस्त्याकडची जागा पकडली. तुम्हाला काय कळतंय त्यातलं!

म्हणजे तू कावळ्याला फसवलंस. आणि आता कावळे तुझ्या दारात न जाता माझ्या दारात येऊन बसतात.

लग्नाचं ऐक. नवरीला मांडवात मामा आणतो, तिच्या मागं मामा उभा राहतो. आमच्याकडचे म्हणाले, भावकीतला कोणी मानलेला मामा उभा करू. मी नाही म्हटलं. सोनमला मामा आहे, तो जिवंत आहे आणि लॉनपासून पंधरा मिनिटांच्या अंतरावर राहतो. त्याची जागा रिकामी राहील. भटजी माईकवरून पुकारतील, "मुलीच्या मामांनी मुलीला घेऊन यावं." हजार माणसं मान वळवून बघतील आणि मागं कोणी नसेल. बघू देत त्यांना. पोरगी एकटी चालत येईल, त्या उकरलेल्या चट्ट्यांवरून. गालिचा मी टाकणार नाही म्हटलं, ते आता ह्यासाठी. माझा भाऊ मला काय देऊन गेला, ते सगळ्यांना दिसू दे. आणि कर्णे मी मोठे लावणार आहे. वारं तुझ्या बाजूला वाहत असलं की वस्तीवर चांगलं ऐकू येईल.

चर काढलेत. तू लिहिलंस म्हणून नाही, मला काढायचेच होते. कापलेलं गवत जागेवर सोडतेय. दुपारचं पाणी बंद केलंय.

तुझ्या खड्ड्यातलं एक घमेलंसुद्धा मला नको. ठेव उरावर.

दत्तोबांची मुलगी,
शालन

•

वस्ती, लासुर्णे
५ जानेवारी २०२६

अक्का,

लई दिवस कागद घिऊन बसलो. काय लिवावं ते ठरंना. माझं लिवणं म्हंजे दूध डेअरीच्या पावतीएवढं, तुला ठाऊक हाय.

मी कावळ्याला फसवलं न्हाय. ते तुझं लिवणं मला सोसलं न्हाय, सांगून ठेवतो. "बघू" म्हणलो हुतो, "न्हाय" म्हणलो न्हवतो. आबाबी सगळ्याला बघूच म्हणायचे, तुझ्या लग्नालाबी आधी बघूच म्हणले हुते. तू माझ्या तोंडाकडं बघून एकदा भांडली असतीस, कानाखाली वाजीवली असतीस, तरी चाललं असतं. तू डायरेक तहसीलात गेलीस. ते मी मरस्तोवर इसरणार न्हाय. तू बी 'बघू' इसरू नकोस. फिट्टंफाट.

खड्डा उघडला.

ड्रायव्हरच्या हाती हा कागद देतोय, मागं दोन ट्रॉल्या हायत्या. निम्मा न्हाय, सगळा धाडला. वरचा थर काढला तर खाली काळंभोर, हातात घेतलं तर भुगा. गांडुळं तर अशी वळवळत्यात की बघत ऱ्हावं. आईला खुर्ची टाकून काठावर बसीवली हुती. ती म्हणली, "त्यांच्या हातचं हाय, मुठीनं घाल म्हणावं शालनला, फावड्यानं नगं." तेवढंच बोलली. मी ताटावर न्हवतो, त्यामुळं उठायचा प्रश्न आला न्हाय.

मी सोता चाळलं. दोनदा. कारण घरातला केरबी आपला त्याच खड्ड्यात पडायचा. चाळणीवर खिळे निघाले, पत्रं निघालं, आन हिरव्या बांगड्यांची काचं निघाली. लई निघाली. कुणाच्या ते मला ठाऊक न्हाय, मला इचारू नकोस. येचून बाजूला ठेवलीत. तुझ्या लॉनवर पोरी अनवाणी नाचत्यात, म्हून दुसऱ्यांदा चाळलं.

आता नीट वाच आन शहाणपणा करू नकोस. उकरल्याल्या जागी मेलेलं गवत काढून टाक. लोखंडी काट्यानं इतभर खोल भोकं पाड, जवळ जवळ. माणसं लाव, माती हलली पायजे. मग हे खत बोटभर पसर, जादा न्हाय. खराट्यानं भोकात ढकल. जिथं पार उघडं पडलंय तिथं कडंच्या चांगल्या गवताच्या काड्या लाव, आठ बोटांवर. पाणी सकाळी, थोडं. महिनाभर कुणाचा मांडव घालू दिऊ नकोस, लगीन कितीबी मोठ्या पुढाऱ्याचं असू दे. थंडी हाय, गवत सावकाश धरंल, पर धरंल. बावीसपतुर सगळं भरंल असं मी म्हणत न्हाय. ह्या साली अर्धं भरलं तरी लई झालं. मिठाची वाटी हाय ती, एका खतानं गोड हुयाची न्हाय. दरसाल घालावं लागंल.

आन कावळ्यांस्नी हाकलू नकोस. तुझी माणसं फटाके वाजवून उडीवत्यात ते मी बघितलंय. आगं, हुमणी तेच येचून खात्यात. औषध मारलंस तर गांडुळंबी मरत्याली. येऊ देत त्यांस्नी. त्यांचं काम त्यांस्नी करू दे.

लग्नाला येतोय. माईकवरनं पुकारायची गरज न्हाय, मी आधीच मागं असंन. सोनमला हाताला धरून आणीन. आईला घिऊन येतोय, तिला पुढच्या रांगंत खुर्ची ठेव, सावलीला. मला टॉवेल-टोपी नको. पान वाढू नकोस, मी जेवणार न्हाय. अक्षदा पडल्या की निघंन. तुझ्याशी बोलणार न्हाय, तू बी बोलायला येऊ नकोस, चार माणसांत उगंच कुणाचंतरी डोळं भरायचं.

"तुझा भाऊ" असं लिवायला घेतलं हुतं. हात चालला न्हाय.

सोनमचा मामा,
रणजित